क्लोरल व ट्रायक्लोफॉस : शामक औषधांच्या नावांचा अर्थ व वापर

क्लोरल हायड्रेट आणि ट्रायक्लोफॉस ही मेंदूची उत्तेजितता कमी करून झोप आणणारी दोन निकटसंबंधी औषधे आहेत. दोन्ही ‘पूर्वौषधे’ होत. म्हणजे ज्या स्वरूपात ती पोटात घेतली जातात त्या स्वरूपात ती मुख्यतः परिणाम करीत नाहीत. शरीरात त्यांचे ट्रायक्लोरोएथिल अल्कोहॉल (ट्रायक्लोरोएथॅनॉल) या संयुगात रूपांतर होते व तेच खरे निद्राकारक असते. एकाच परिणामकारक द्रव्याकडे नेणाऱ्या या दोन औषधांची नावे मात्र परस्परांहून फार निराळी आहेत. क्लोरल हे नाव ते कशापासून तयार झाले हे सांगते; ट्रायक्लोफॉस हे नाव त्याच्या रेणूची घडण सांगते. रुग्णाच्या शरीरात ते काय करते, हे दोन्हींपैकी एकही नाव सांगत नाही. शामकाच्या बाबतीत ही उणीव केवळ शाब्दिक नाही. तिच्यामुळे अपघात झाले आहेत आणि ते टाळण्यासाठी नामकरणाचे नियमही करावे लागले आहेत.

नामार्थ : इ. स. १८३२ मध्ये युस्टुस फोन लीबिक (१८०३–७३) या जर्मन रसायनशास्त्रज्ञांनी एथिल अल्कोहॉलातून क्लोरीन वायू दीर्घकाळ जाऊ देऊन एक नवा तेलकट द्रव मिळविला. ज्या दोन पदार्थांपासून तो झाला त्यांच्या नावांची आद्याक्षरे एकत्र करून त्यांनी त्याला ‘क्लोरल’ हे नाव दिले. त्यातील ‘क्लोर’ हा अवयव फिकट हिरवा या अर्थाच्या ग्रीक शब्दापासून आला असून हंफ्री डेव्ही यांनी १८१० मध्ये क्लोरिनाला वायूच्या रंगावरून दिलेल्या नावात तो आहे. ‘अल’ हा अवयव अल्कोहॉल या शब्दातील आहे. अल्कोहॉल हा शब्द अरबीतून यूरोपीय भाषांत आला व त्यातील ‘अल’ हे अरबी भाषेतील केवळ निश्चयवाचक उपपद होय. व्हेरोनल, ल्युमिनल इ. नंतरच्या निद्राकारकांच्या नावांतही ‘अल’ हा अंत्यावयव आढळतो. त्यामुळे मूळ अर्थ नसलेल्या या अवयवाला औषधांच्या दुकानात झोपेचा वास लागला.

क्लोरलाचे सूत्र झां बातीस्त आंद्रे द्यूमा (१८००–८४) यांनी १८३४ मध्ये निश्चित केले. क्लोरलाचा पाण्याशी संयोग झाला म्हणजे रंगहीन, उग्र वासाचे व कडवट चवीचे स्फटिक मिळतात. त्यांना क्लोरल हायड्रेट म्हणतात. ‘हायड्रेट’ म्हणजे जलयुक्त संयुग. औषध म्हणून वापरात आले ते हे स्फटिकरूप संयुगच. तथापि वैद्यकीय व्यवहारात त्याला नुसते ‘क्लोरल’ म्हणण्याची प्रथा पडली.

औषध म्हणून प्रवेश : शोधानंतर सदतीस वर्षे क्लोरल ही प्रयोगशाळेतील एक वस्तू होती. १८६९ मध्ये बर्लिन येथील ओस्कार लीब्राइख (१८३९–१९०८) यांनी ते निद्राकारक म्हणून प्रचारात आणले. त्यांचा तर्क असा होता की, परीक्षानळीत क्षाराच्या सान्निध्यात क्लोरलाचे विघटन होऊन क्लोरोफॉर्म निघते. रक्तही किंचित क्षारधर्मी आहे. तेव्हा क्लोरल पोटात दिल्यास रक्तात सावकाश क्लोरोफॉर्म तयार होईल आणि रुग्णाला झोप लागेल. क्लोरोफॉर्म शस्त्रक्रियेसाठी १८४७ पासून वापरात होते, त्यामुळे हा तर्क पटण्यासारखा होता. रुग्णाला झोप लागली, परंतु तर्क चुकीचा निघाला. झोपेस कारण होणारे क्लोरोफॉर्म रक्तात तयार होतच नव्हते. चुकीच्या कारणावरून योग्य परिणाम हाती लागल्याचे औषधांच्या इतिहासातील हे ठळक उदाहरण होय.

त्या काळी झोपेसाठी अफू, तिच्यापासून काढलेले मॉर्फीन, ब्रोमाइडे व मद्यार्क एवढीच साधने होती. क्लोरल हे पूर्णतः प्रयोगशाळेत तयार झालेले पहिले निद्राकारक असल्याने त्याचा प्रसार अतिशय जलद झाला. मनोरुग्णालये, धनुर्वात, प्रसूतिवेदना, झटके अशा अनेक ठिकाणी ते वापरले जाऊ लागले. ब्रिटिश फार्माकोपियाच्या (औषधिकोशाच्या) १८८५ च्या आवृत्तीत ते ‘क्लोरल हायड्रास’ या लॅटिन नावाने समाविष्ट होते. व्यसनही तितक्याच लवकर पसरले; इंग्रज कवी व चित्रकार दान्ते गेब्रिएल रोझेटी (१८२८–८२) यांचे उत्तरायुष्य त्यापायी ग्रासले गेले होते.

पूर्वौषध ही संकल्पना : १८७५ मध्ये म्यूस्क्यूलस व योझेफ फोन मेरिंग यांना क्लोरल घेतलेल्या रुग्णांच्या मूत्रात एक नवे अम्ल आढळले. ते ट्रायक्लोरोएथिल अल्कोहॉल व ग्लुकुरोनिक अम्ल यांच्या संयोगाने झालेले होते. क्लोरलाचे शरीरात क्षपण होऊन अल्कोहॉल बनते, ही गोष्ट त्यावरून सूचित झाली. हे अल्कोहॉलच झोपेचे मुख्य कारण आहे हे टॉमस बटलर यांनी १९४८ मध्ये दाखविले. मूळ क्लोरल रक्तातून काही मिनिटांतच नाहीसे होते, तर ट्रायक्लोरोएथिल अल्कोहॉल कित्येक तास टिकते. या रूपांतराचे कार्य यकृतात व इतरत्र असलेले अल्कोहॉल डीहायड्रोजिनेज हे एंझाइम करते.

शरीरात गेल्यावर ज्याचे औषधात रूपांतर होते अशा द्रव्याला ‘पूर्वौषध’ या अर्थाची संज्ञा आड्रियन ॲल्बर्ट (१९०७–८९) यांनी १९५८ मध्ये योजली. म्हणजे क्लोरल हे सुमारे नव्वद वर्षे पूर्वौषध म्हणून वापरले गेले, परंतु त्याच्या या प्रकाराला तोवर नावच नव्हते.

ट्रायक्लोफॉस : क्लोरल हायड्रेट जठराच्या अस्तराचा दाह करते आणि त्याची चव लहान मुलांना सहन होत नाही. परिणामकारक अल्कोहॉल हेच असेल, तर त्याचाच एखादा सौम्य संयुगविशेष का देऊ नये, असा विचार पुढे आला. या अल्कोहॉलाचे फॉस्फोरिक अम्लाशी एस्टर बनवून त्याचे सोडियम लवण तयार करण्यात आले. तेच ट्रायक्लोफॉस सोडियम होय. ते पाण्यात सहज विरघळते, जठराला कमी त्रास देते आणि सरबतात (सिरपात) घालता येते. आतड्यातील फॉस्फेटेज एंझाइमे त्यातील फॉस्फेट गट वेगळा करतात व ट्रायक्लोरोएथिल अल्कोहॉल मोकळे होते.

नावाची फोड सोपी आहे. ‘ट्राय’ म्हणजे तीन, ‘क्लो’ म्हणजे क्लोरीन आणि ‘फॉस’ म्हणजे फॉस्फेट. तीन क्लोरीन अणू आणि एक फॉस्फेट गट असलेले संयुग एवढेच त्यातून कळते. ज्यामुळे झोप येते त्या अल्कोहॉलाचा या नावात उल्लेख नाही. फॉस्फरस या शब्दातील ‘फॉस’ हा ग्रीक शब्द असून त्याचा अर्थ प्रकाश असा आहे; अंधारात चमकणाऱ्या मूलद्रव्याला तो लागू होता. झोपेच्या औषधाच्या नावाचा शेवट प्रकाशाने व्हावा, हा निव्वळ रासायनिक योगायोग आहे.

जागतिक आरोग्य संघटनेने १९५० मध्ये औषधांच्या आंतरराष्ट्रीय बिगरमालकी नावांची पद्धत स्वीकारली व १९५३ मध्ये पहिली यादी प्रसिद्ध केली. या पद्धतीत एका वर्गातील औषधांच्या नावांत एक सामायिक अवयव ठेवतात. त्यामुळे नाव वाचताच वैद्याला औषधाचा वर्ग समजावा अशी अपेक्षा असते. ट्रायक्लोफॉस हे अशा बिगरमालकी नावांपैकी एक आहे. नंतरच्या काळात फॉस्फेटयुक्त पूर्वौषधांची नावे अधिक विचाराने ठेवली गेली. त्यांत ‘फॉस’ आरंभी येतो आणि पुढे मूळ औषधाचे पूर्ण नाव येते. उदा., फेनिटॉइन या आकडीवरील औषधाचे पूर्वौषध फॉसफेनिटॉइन व प्रोपोफॉल या शुद्धिहारकाचे पूर्वौषध फॉसप्रोपोफॉल. फॉसप्रोपोफॉलला अमेरिकेत २००८ मध्ये मान्यता मिळाली. ते तेथे फार काळ बाजारात राहिले नाही, पण त्याचे नाव मात्र आदर्श ठरावे असे आहे. वाचणाऱ्याला त्यातून पूर्वरूप आणि उत्तररूप ही दोन्ही समजतात. ट्रायक्लोफॉस हे नाव यापूर्वीच्या पिढीतील असल्यामुळे ही सोय त्यात नाही.

‘फॉस’ या अवयवाचा दुसरा अर्थ : बिगरमालकी नावांत ‘फॉस’ हा अंत्यावयव फॉस्फरसयुक्त कीटकनाशके व कृमिनाशके यांच्यासाठीही राखलेला आहे. महाराष्ट्राच्या ग्रामीण भागात या अवयवाशी लोकांचा परिचय मुख्यतः शेतीमुळे आहे. कोल्हापूर, सांगली या ऊसपट्ट्यात वाळवी व हुमणी यांच्या बंदोबस्तासाठी वापरले गेलेले क्लोरपायरिफॉस हे नाव शेतकऱ्यांच्या तोंडी बसलेले आहे; मोनोक्रोटोफॉस हेही तसेच. ‘क्लोर’ व ‘फॉस’ हे दोन्ही अवयव ज्या नावात एकत्र येतात ते नाव अशा घरात विषाची आठवण करून देते, आणि तान्ह्या मुलासाठी आणलेल्या बाटलीवर ‘ट्रायक्लोफॉस’ असे वाचणारा पालक दचकला तर त्याचे नवल नाही.

ही भीती रसायनशास्त्राच्या दृष्टीने निराधार आहे. कीटकनाशकांतील फॉस्फरस मज्जातंतूंच्या कार्याला आवश्यक असलेल्या कोलिनएस्टरेज या एंझाइमाला जखडून टाकतो व विषबाधा त्यातून होते. ट्रायक्लोफॉसमधील फॉस्फेट गट आतड्यात सुटा होऊन शरीरातील नेहमीच्या फॉस्फेटात मिसळून जातो. तथापि भीती निराधार असली तरी सावधपणा निराधार नाही. त्याचे कारण फॉस्फेट नसून झोप हे आहे.

महाराष्ट्रातील वापर : कोल्हापूर संस्थानात मेजर चार्ल्स मँट यांच्या आराखड्यानुसार ॲल्बर्ट एडवर्ड रुग्णालयाची वास्तू एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात उभी राहिली. प्रिन्स ऑफ वेल्स (नंतरचे सातवे एडवर्ड) यांचे नाव तिला दिलेले होते. पश्चिमी वैद्यकात क्लोरल हे प्रमुख निद्राकारक होते तो हाच काळ. आज ही संस्था छत्रपती प्रमिलाराजे रुग्णालय या नावाने ओळखली जाते आणि लोक तिला ‘सीपीआर’ म्हणतात. वास्तूचे नाव बदलले तरी ती ओळखण्यास अडचण पडत नाही. औषधाचे तसे नसते.

सह्याद्रीच्या पायथ्याशी आणि कोकणात सापडणाऱ्या काजऱ्याच्या (कुचल्याच्या) बियांत स्ट्रिक्निन हे तीव्र विष असते व त्याने शरीराला धनुर्वातासारखे झटके येतात. बार्बिट्युरेटे येण्यापूर्वी या विषबाधेवर क्लोरल हा एक मान्य उपचार होता. ज्या औषधाची अतिमात्रा श्वास मंद करून मारते, तेच औषध झटक्यांनी मरणाऱ्याला वाचवी, याचे कारण दोन्ही ठिकाणी मेंदू व मज्जारज्जू यांची उत्तेजितता कमी होणे हेच आहे.

औषधनिर्माणशास्त्राच्या विद्यार्थ्यांना क्लोरल हायड्रेट निराळ्याच कारणाने परिचित आहे. वनस्पतीचे पातळ छेद किंवा चूर्ण त्याच्या विद्रावात तापविले असता स्टार्च, हरितद्रव्य व राळेसारखे पदार्थ निघून जातात आणि कोशिकाभित्ती, अश्म कोशिका व कॅल्शियम ऑक्झॅलेटाचे स्फटिक सूक्ष्मदर्शकाखाली स्पष्ट दिसतात. अडुळसा, दालचिनी इ. औषधी द्रव्यांतील भेसळ ओळखण्यासाठी ही पद्धत वापरतात. प्रयोगशाळेतील ‘स्वच्छक’ आणि रुग्णालयातील ‘शामक’ ही एकाच बाटलीची दोन नावे आहेत.

क्लोरलाचा सर्वांत मोठा औद्योगिक उपयोग डीडीटीच्या निर्मितीत झाला. क्लोरल व क्लोरोबेंझीन यांच्या विक्रियेने डीडीटी मिळते. १९५३ मध्ये सुरू झालेल्या राष्ट्रीय हिवताप नियंत्रण कार्यक्रमाची भिस्त या कीटकनाशकावर होती. रायगड जिल्ह्यातील रसायनी येथे हिंदुस्थान इन्सेक्टिसाइड्स या सरकारी कंपनीच्या कारखान्यातही डीडीटी तयार होत असे.

जे द्रव्य रुग्णालयात चमच्याने मोजले जाते ते उद्योगात पोत्यांनी हाताळले जात असल्यामुळे दुरुपयोगाला वाव राहिला. महाराष्ट्र, तेलंगण व आंध्र प्रदेश या राज्यांत क्लोरल हायड्रेट मिसळून बनावट ताडी तयार करण्याचे प्रकार वेळोवेळी उघडकीस आले आहेत. झाडावरून उतरविलेल्या ताडीऐवजी पाणी, साखर वा सॅकरीन व हे द्रव्य यांचे मिश्रण विकले जाते. मद्यार्क व क्लोरल परस्परांचा परिणाम वाढवितात : मद्यार्काच्या ऑक्सिडीभवनामुळे क्लोरलाचे अल्कोहॉलात रूपांतर सुकर होते आणि हे अल्कोहॉल मद्यार्काच्या निचऱ्यास अडथळा करते. रोज पिणाऱ्याला त्याची सवय लागते व पुरवठा एकाएकी थांबल्यास कंप, भ्रम आणि झटके येतात. पिणारा त्याला ताडीच म्हणत असतो. आपण काय सोडले हे त्याला ठाऊक नसते, त्यामुळे उपचार करणाऱ्यालाही ते सांगता येत नाही.

बाळगोळी व नावांचा धडा : मराठी समाजात तान्ह्या मुलाला झोपविण्यासाठी औषध देण्याची चाल क्लोरलाहून जुनी आहे. अफूमिश्रित ‘बाळगोळी’ अनेक घरांत दिली जात असे. मुंबईच्या कापड गिरण्यांत कामाला जाणाऱ्या स्त्रिया दिवसभर मूल शांत राहावे म्हणून तिचा आधार घेत आणि १९२०–३० या दशकातील सरकारी पाहण्यांत या चालीची नोंद झाली. आईला दुसरा इलाज नव्हता. पाळणाघर नव्हते आणि पाळी चुकविणे परवडणारे नव्हते. बाळगोळी हे नाव गोळी कोणासाठी आहे ते सांगते व तीत काय आहे ते झाकते. ट्रायक्लोफॉस हे नाव याच्या नेमके उलट आहे : बाटलीत काय आहे ते सांगते, पण ते कशासाठी आहे हे झाकते. एकात माया आहे व माहिती नाही. दुसऱ्यात माहिती आहे, पण ती सामान्य वाचकाला उपयोगाची नाही.

भारतात ट्रायक्लोफॉस आजही मुख्यतः बालरुग्णांसाठी वापरले जाते. मेंदूचा विद्युत् आलेख, हृदयाची श्राव्यातीत ध्वनिपरीक्षा किंवा चुंबकीय अनुस्पंदन चित्रण यांसाठी मुलाला काही काळ निश्चल ठेवावे लागते. अशा वेळी सरबताच्या रूपात ते देतात. ट्रिक्लोरिल, पेडिक्लोरिल अशी त्याची व्यापारी नावे प्रचारात आली. क्लोरल हायड्रेटाचा वापर मात्र अनेक देशांत आटला आहे. अमेरिकेत त्याच्या तयार औषधांचे व्यापारी उत्पादन २०१२ मध्ये थांबले.

मात्रेतील गफलत हा या औषधांचा मुख्य धोका होय. एक ग्रॅम ट्रायक्लोफॉस सोडियम हे सुमारे ६०० मिलिग्रॅम क्लोरल हायड्रेटाइतके परिणामकारक धरतात. एकाचे प्रमाण दुसऱ्याला लावल्यास मात्रा कमी वा अधिक होते. दोन वेगवेगळ्या नावांची औषधे दोन ठिकाणांहून मिळाल्यास एकाच अल्कोहॉलाची मात्रा दुप्पट होण्याचा संभव असतो. परिणाम सुरू होण्यास वेळ लागतो. तेवढ्यात मूल झोपत नाही म्हणून आणखी चमचा देण्याचा मोह होतो. अतिमात्रेने श्वसन मंदावते, रक्तदाब उतरतो व हृदयाचे ठोके अनियमित होतात. म्हणून हे औषध घरी देऊन मुलाला प्रवासात आणण्याऐवजी रुग्णालयातच, श्वास व नाडी यांवर लक्ष ठेवून द्यावे आणि मूल पूर्ण जागे झाल्याशिवाय घरी पाठवू नये.

नाव न वाचण्याचा परिणाम किती दारुण होऊ शकतो याचे प्रसिद्ध उदाहरण ब्रिटिश भौतिकीविज्ञ जॉन टिंडल (१८२०–९३) यांचे आहे. त्यांना निद्रानाश होता व त्यासाठी ते क्लोरल घेत. पोटासाठी मॅग्नेशिया घेत. ४ डिसेंबर १८९३ रोजी त्यांच्या पत्नीने मॅग्नेशिया समजून क्लोरलाची मोठी मात्रा त्यांना दिली. चूक लगेच ध्यानात आली, परंतु प्रयत्न करूनही ते वाचले नाहीत. पतीची वर्षानुवर्षे शुश्रूषा करणाऱ्या, सुशिक्षित व दक्ष स्त्रीच्या हातून हे घडले.

नामविषयक कायदे : भारतात औषधे व सौंदर्यप्रसाधने अधिनियम, १९४० व त्याखालील १९४५ चे नियम यांनुसार वेष्टनावर औषधाचे मूळ नाव छापणे बंधनकारक आहे. जयसुखलाल हाथी यांच्या अध्यक्षतेखालील समितीने १९७५ च्या अहवालात व्यापारी नावांऐवजी टप्प्याटप्प्याने मूळ नावे वापरावीत अशी शिफारस केली. ती पूर्णपणे अमलात आली नाही. २०१८ मधील नियमदुरुस्तीने मूळ नावाचा टंक व्यापारी नावापेक्षा मोठा असावा असे ठरविले. व्यापारी नावे कंपनीगणिक बदलतात, तर मूळ नाव सर्वत्र एकच राहते. त्यामुळे एकाच द्रव्याची दोनदा मात्रा जाऊ नये यासाठी तोच खरा आधार आहे.

मूळ नाव मोठ्या टंकात छापल्याने ते समजतेच असे नाही. ‘ट्रायक्लोफॉस’च्या खाली ‘गुंगी आणणारे औषध, श्वासावर लक्ष ठेवा’ अशी ओळ मराठीत असणे हा त्या नावाचा खरा अर्थ होईल. लीबिक यांनी दोन पदार्थांची आद्याक्षरे जोडली तेव्हा त्यांच्यासमोर रुग्ण नव्हता. आता बाटली हाती घेणारी व्यक्ती बहुधा आई असते आणि रासायनिक नावाचा अर्थ तिच्या भाषेत तिच्यापर्यंत पोहोचविण्याची जबाबदारी वैद्य, औषधविक्रेते व औषधनिर्माते या सर्वांची आहे.